तानीचा खांब

सह्याद्रीच्या पायथ्याला, नदीच्या वळणावर सावरखोल नावाचं गाव होतं. एका वर्षी उद्धवगिरी महाराजांनी चातुर्मास तिथेच करायचं ठरवलं. केवढं त्या गावाचं भाग्य! बाळाजीपंत खोतांनी आपलं दुमजली घर महाराजांसाठी मोकळं करून दिलं. जुनं घर ते. भिंती नुसत्या आडोशाला, सगळा भार लाकडी खांबांवर आणि तुळयांवर. खालच्या बैठकीत महाराजांचं निरूपण चालायचं आणि बायका माडीच्या कठड्याशी बसून ऐकायच्या.

तानी कुंभारीण मात्र खालीच बसायची, मधल्या खांबाला पाठ लावून. तिला ऐकू कमी यायचं. ती म्हणायची की महाराज बोलले की खांब थरथरतो आणि त्यांचं बोलणं माझ्या पाठीला कळतं.

पंतांना याचं फार हसू यायचं. एकदा भर बैठकीत ते म्हणाले, "तानी, खांबाला चिकटून देव भेटत असता, तर आमच्या घरातली पाल केव्हाच वैकुंठाला गेली असती."

सगळे हसले. महाराज हसले नाहीत. ते एवढंच म्हणाले, "पंत, पालीचं मला ठाऊक नाही. पण ही ऐकते."

गोपाळकाल्याला बाहेरगावची बडी मंडळी येणार होती. त्यांना महाराज नीट दिसावेत म्हणून पंतांनी मधला खांबच काढायला सांगितला. तानीने हात जोडून विनवलं, तर म्हणाले, आता ओट्यावर बस, तिथल्या खांबाला टेक. महाराजांच्या कानावर हे गेलं. ते म्हणाले, "पंत, ज्याच्या डोक्यावर भार असतो, त्याला हलवताना दहा वेळा विचार करावा." पंतांनी मान डोलावली आणि मनात म्हटलं, संन्याशाला घराचं काय कळतं! आजोबांनी घातलेली अख्खी सागवानी तुळई आहे, ती काय एका खांबाने अडणार?

पण ती अख्खी नव्हती हो! दोन तुकड्यांची होती, आणि त्यांचा सांधा नेमका त्याच खांबाच्या डोक्यावर टेकलेला होता. वर्षानुवर्षांच्या धुराने आणि तेलाच्या हाताने तो झाकून गेला होता, म्हणून कुणाला दिसलाच नाही.

खांब गेला. लगेच काही झालं नाही, म्हणून तर पंत जास्तच खूश! मग माडीचं दार उंबऱ्याला घासू लागलं. त्यांची लेक वेणू बाळंतपणाला माहेरी आली होती, नुकतंच बाळ झालं होतं. ती म्हणाली की बाबा, चालताना पायाखालची फळी झुलते. पंतांनी समजूत घातली, श्रावणातली हवा आहे, लाकूड फुगतं. दरवर्षी फुगायचंच ते. म्हणून तर सगळ्यांना पटलं.

काल्याच्या दिवशी महाराज शिष्यांबरोबर नदीवर स्नानाला गेले होते. बैठक पाहुण्यांनी भरली, माडी बायकामुलांनी. तेवढ्यात वरून माती गळली, करकर आवाज झाला आणि तुळई मधोमध वाकली. खालचे सगळे अंगणात पळाले. वरच्यांना एकच अरुंद जिना! पंत अंगणातून वेणूच्या नावाने टाहो फोडत राहिले, पण त्यांचे पाय काही उचलेनात.

तानीला तो आवाज ऐकूच आला नव्हता. ओट्यावरून तिला वाकलेली तुळई तेवढी दिसली. ती आत धावली, आपल्या जुन्या जागी उभी राहिली आणि ओरडली, "महाराज, वर लेकरं आहेत!"

आणि तुळई थांबली. खाली काही आधार नाही, तरी थांबली! एकेक करून बायका उतरल्या. शेवटी बाळाला पदराखाली धरून वेणू आली आणि तानीचा हात ओढत बाहेर पडली. मग तो सगळा खण धाडकन खाली आला.

तिकडे नदीवर महाराज कमरेइतक्या पाण्यात एकाएकी वाकले होते. उजवा खांदा वर काढलेला, चेहरा लालबुंद. शिष्य हाका मारत राहिले. बऱ्याच वेळाने श्वास सोडून ते म्हणाले, "उतरली सगळी." त्यांच्या खांद्यावर सागाच्या रेषा उमटल्या होत्या. तो हात पुढे कधीच पुरता वर गेला नाही.

हे कळल्यावर तानी रडायचीच थांबेना. म्हणाली, "मी हाक मारायला नको होती."

महाराज म्हणाले, "अगं, तू मारली नसतीस तर मला जन्मभर रुखरुख लागली असती."

पंत आठवडाभर समोर आले नाहीत. आले तेव्हा आधी तानीच्या पाया पडले. ती संकोचून मागे सरली. मग ते महाराजांपुढे वाकले. म्हणाले, "एवढंसं ऐकलं असतं तर..."

त्यांच्या मस्तकावर ठेवायला महाराजांनी हात उचलला. तो निम्म्यातच अडला. पंतांनी ते पाहिलं, आणि त्या हाताखाली आपलं डोकं पोहोचावं म्हणून ते आणखी खाली वाकले.