टिटवी झाडावर बसली

फार पूर्वी एका तळ्याकाठी टिटवीला स्वतःचीच हाक ऐकू आली आणि ती दचकली, कारण तिची चोच मिटलेली होती.

हाक बाभळीवरून येत होती. मागच्या उन्हाळ्यात मुंगसाने पिल्लू नेलं तेव्हा टिटवी जशी रडली होती, तसंच हुबेहूब रडणं तिथे बसून कोतवाल पक्षी सगळ्यांना ऐकवत होता.

"ते माझं रडणं आहे," टिटवी म्हणाली. "मला विचारलंस का?"

"अगं, तुझीच आठवण जपतोय. बघ, म्हशीचेसुद्धा डोळे भरून आलेत."

मग ते रोजचंच झालं. सगळ्यांना पाठ झालं.

एका संध्याकाळी मुंगूस परत आलं. टिटवीचं यंदाचं पिल्लू दगडांत अंग चोरून पडून राहिलं आणि टिटवी ओरडत सुटली.

"कोतवालाने आज लवकर सुरू केलं वाटतं," म्हैस रवंथ करत म्हणाली.

"कालच्यापेक्षा बरं जमलंय," ससा म्हणाला.

टिटव्या कधी झाडावर बसत नाहीत, त्यांच्या पायांना फांदी धरता येत नाही. तरी ती उडाली आणि थेट कोतवालाशेजारी उतरली. घसरली, पंख फडफडवत पुन्हा चढली.

"आता तू गप्प बसायचंस," ती त्याला म्हणाली आणि सगळ्यांच्या देखत ओरडली.

म्हशीने वर पाहिलं. कोतवालाची चोच मिटलेली होती. तिचं रवंथ थांबलं आणि ती उठून उभी राहिली.

"पिल्लू कुठे आहे, पोरी? पुढे हो, मी आलेच."