नीजमुळीचे माप

एका राज्यात सोने तोलले जाई, धान्य तोलले जाई, कापूस आणि लोखंडही तोलले जाई. औषध मात्र तोलता येत नसे. औषध तागडीत पडले की काटा थिजे. एका पारड्यात मोराचे पीस आणि दुसऱ्यात पाल्याचा भारा ठेवला, तरी तो हलत नसे.

हा शाप होता. राजा शूरपालाच्या आजोबाने धूम्राक्ष मांत्रिकाच्या डोंगरावरून औषधींची पेटी बळाने आणली होती. मांत्रिक म्हणाला, "नेतोस तर ने, पण कोणती किती द्यायची ते विचारून जा." आजोबा हसून म्हणाला, "राजे माप विचारत नाहीत." मांत्रिक बोलला, "मग तुझ्या राज्यात औषधाला माप उरणार नाही." शाप कधी उतरेल ते त्याने सांगितले नाही, आणि राजानेही विचारले नाही.

पुढे तीन पिढ्यांत लोकांनी एक रीत पाडली. औषध मायेने मापायचे. शेजाऱ्याला चिमूट, भावाला दोन, पोटच्या लेकराला मूठ. सुनेला कमी काढा देणारी सासू गावभर कंजूष ठरे. कोणी हटकले तर उत्तर ठरलेले असे : "पाला तो, तलवार नव्हे." त्या राज्यात तलवारीने जितकी माणसे मेली त्याहून अधिक पाल्याने मेली, पण पाल्याचे मरण म्हातारपणाच्या किंवा नशिबाच्या नावावर जाई.

राजधानीबाहेर गोमती नावाची वैदीण राही. तागडी चालत नव्हती म्हणून ती मुळीचा तुकडा गुंजेच्या बीशेजारी ठेवून डोळ्यांनी मापी. कोणाला किती दिले आणि दुसऱ्या दिवशी काय झाले, ते ती मातीच्या भिंतीवर रेघांनी उमटवून ठेवी. लोक तिला चिकट म्हणत, पण तिचे रोगी जगत.

राजकन्या इंद्रावतीला ताप भरला तेव्हा राजाने गोमतीला बोलावले. तिने पेटीतली नीजमुळी उगाळून दोन गुंजा चाटवली आणि म्हणाली, "उद्या सकाळी येते." संध्याकाळी ताप उतरला. सकाळी ती आली, तेव्हा राजकन्या झोपलेली होती. हाक मारली, चिमटा काढला, कानाशी शंख फुंकला; ती उठेना. ओठ निळसर झाले होते.

"हिला मी दिली त्याहून जास्त मुळी गेली आहे," गोमती म्हणाली. "कोणी दिली?"

राजा गरजला, "ज्याने दिली त्याचे मस्तक उडवीन!"

झाले. दाईने शपथ घेतली, आचाऱ्याने घेतली, राजाच्या आत्यासाहेबांनी तर कुलदेवतेची घेतली. कोणी काहीच दिले नव्हते.

सज्ज्यावर एक भारद्वाज पक्षी बसला होता. तो म्हणाला, "वैदीणबाई, नीजमुळीवर उतारा जागवेलीचा. वेल धूम्राक्षाच्या बागेत आहे. सातव्या सूर्यास्ताला हिचा श्वास थांबेल. चला, वाट दाखवतो."

गोमती निघाली. तिसऱ्या दिवशी डोंगर आला. जटांतून धूर निघणारा धूम्राक्ष बागेच्या दाराशी बसला होता.

"का आलीस?"

"जागवेल मागायला."

"तीन कामे कर. पहिले : आत दोन वेली आहेत. एक जागवेल, दुसरी मरणवेल. जिभेवर न ठेवता ओळख."

वेली सख्ख्या बहिणी होत्या. पान तेच, देठ तोच, वासही तोच. गोमती त्यांच्यासमोर बसून राहिली.

भारद्वाज उड्या मारू लागला. "बाई, तिकडे पोर निळी पडतेय आणि तुम्ही काय वेलींचे लग्न जमवताय? उचला एक!"

"चुकीची उचलली तर?"

"अर्धा दैवाचा भाग असतोच की."

"दैवाचा भाग तुझ्या चाऱ्यात घाल. औषधात नको."

सूर्य माथ्यावर आला. एका वेलीने पाने मिटून घेतली, दुसरीने नाही. गोमतीने तरी हात लावला नाही. उन्हे कलल्यावर दोघींना फूल आले : एकीला पाच पाकळ्या, एकीला सहा. मग तिने मुळाशी माती उकरली. दुपारी पाने न मिटलेल्या, पाच पाकळ्यांवालीचे मूळ पांढरे, दुसरीचे तांबूस. जागवेलीच्या ऐकून ठाऊक असलेल्या तीनही खुणा एकीवर जुळल्या, तेव्हा ती म्हणाली, "ही पांढऱ्या मुळाची जागवेल."

"बरोबर," मांत्रिक म्हणाला. "घे हवी तेवढी. दुसरे काम : बाहेर पडताना माझ्या नागाला बरे करून जा."

वाटेवर शंभर वर्षांचा नाग वेटोळे घालून पडला होता. तो म्हणाला, "सांधे दुखतात गं बाई. तुझ्या झोळीत निरगुडी आहे, वातहारी मुळी आहे, वास येतोय मला. दे."

गोमतीचा हात झोळीत गेला आणि थांबला. "आजोबा, आधीच काय काय घेता?"

"काही नाही. रोज सकाळी सोमकंदाचा रस तेवढा. ते काही औषध नव्हे, आमच्या घराण्यातले पेय आहे."

"किती?"

"द्रोणभर."

गोमतीने हात बाहेर काढला. "सोमकंदाने रक्त पातळ होते. वातहारीनेही होते. दोन्ही एकत्र आले तर आतल्या आत रक्त वाहील. मी पोटात काही देणार नाही. निरगुडीचा पाला गरम करून बाहेरून शेकते."

नाग फुत्कारला, "एवढी लांबून आलीस आणि नुसता शेक? कसली गं तू वैदीण!"

"जी नाही म्हणू शकते ती," गोमती म्हणाली आणि तिने एकशेआठ मणके एकेक करून शेकले. नाग कुरकुरतच झोपला आणि वाट मोकळी झाली.

मांत्रिकाने तिला तांब्याची लहान तागडी दिली. "तिसरे काम. उतारा कमी पडला तर मुलगी उठणार नाही. जास्त झाला तर उठेल, आणि पुन्हा कधीच झोपणार नाही, तेही मरणच. पोटात किती नीजमुळी गेली ते गुंजेगुंजेने कळले पाहिजे. खरे बोलले गेले की ते वजन एका पारड्यात पडेल. सगळे सांगून होईपर्यंत काटा थरथरत राहील."

सातव्या दिवशी दुपारी गोमती राजवाड्यात पोहोचली. राजकन्येचा श्वास आता मोजता येण्याइतका विरळ झाला होता. सारे तिच्या पलंगाभोवती जमले. गोमतीने तागडी टांगली.

"महाराज, आधी मस्तकाची आज्ञा मागे घ्या. मानेवर तलवार असताना कोणी खरे बोलत नाही."

राजाने मुलीकडे पाहिले आणि म्हणाला, "घेतली."

"पहिले मी सांगते," गोमती म्हणाली. "दोन गुंजा मी दिली. उरलेली मुळी उशाशी ठेवून गेले, आणि याहून जास्त दिली तर काय होते ते कोणालाच सांगितले नाही. ही माझी चूक." पारडे दोन गुंजांनी खाली आले. काटा थरथरत राहिला.

दाई रडू लागली. "तीन गुंजा असेल, बाई. पोर तळमळत होती. मला वाटले, वैदीणबाईंचा हात जरा आखडताच आहे." पारडे उतरले.

आचारी पागोटे चाचपत म्हणाला, "मी खिरीत घातली. कडू लागू नये म्हणून गूळ दुप्पट घातला होता."

"गूळ नको सांगूस रे! मुळी किती?"

"चार गुंजा."

आत्यासाहेब म्हणाल्या, "मी फक्त दुधातून... झाडाचीच तर होती. चिमूटभर."

"चिमूट कोणाची? तुमची की दाईची?" गोमतीने त्यांच्या बोटांत माती धरायला लावली, ती गुंजांशेजारी ठेवून पाहिली. "पाच." पारडे पाचाने उतरले.

तरीही काटा थरथरतच होता. खिडकीतले ऊन पलंगाच्या पायापर्यंत आले होते.

"अजून कोणी?" गोमतीने विचारले. दाई आचाऱ्याकडे पाहू लागली, आचारी आत्यासाहेबांकडे. राजाकडे कोणीच पाहत नव्हते.

भारद्वाज सज्ज्यावरून म्हणाला, "वैदीणबाई झाडे ओळखतात. माणसेही ओळखतील, वेळ मिळाला तर."

गोमती राजाच्या समोर जाऊन उभी राहिली. वेलींसमोर बसली होती तशीच वाट पाहत राहिली.

राजा शूरपाल खाली बसला. सिंहासनावर नव्हे, फरशीवर. "मी दिली," तो म्हणाला. "तिसऱ्या प्रहरी. वैदिणीने दोन गुंजा दिल्या म्हणून मला राग आला. राजाच्या लेकीला दोन गुंजा? गवळ्याच्या पोरीलाही तेवढीच देतात. मी मूठभर चाटवली. तिला कडू लागत होते, तरी 'बाबांसाठी' म्हणाली आणि चाटली."

"मूठ दाखवा, महाराज."

राजाने मूठ मातीत घातली. माती ढीग ढीग करून मापली गेली. "चाळीस गुंजा," गोमती म्हणाली. पारडे धाडकन खाली आले आणि काटा थांबला.

त्याच क्षणी बाजारातल्या सगळ्या तागड्या खणखणल्या. औषधविके दुकानाबाहेर धावले. तीन पिढ्यांचे थिजलेले काटे हलत होते.

गोमतीने दुसऱ्या पारड्यात जागवेलीची पाने एकेक करून टाकली. पारडी बरोबरीत आली तेव्हा एक पान हातात उरले. राजा हात पुढे करून म्हणाला, "तेही घाला. असू द्या थोडे जास्त."

दाई, आचारी आणि आत्यासाहेब एकदमच ओरडले, "महाराज!"

राजाने हात मागे घेतला. सूर्य टेकायच्या आधी रस राजकन्येच्या घशाखाली गेला. आधी ओठांचा निळा रंग ओसरला, मग बोटे हलली, मग तिने डोळे उघडून पाणी मागितले. पुढे वर्षभर तिच्या डाव्या हाताला कंप राहिला. तो का, हे राजाने तिला स्वतः सांगितले.

त्या राज्यात पुढे औषधही तोलले जाऊ लागले आणि पेटीतल्या प्रत्येक पुडीवर मात्रा व अपाय दोन्ही लिहिले गेले. रोग्याला "काय होतंय?" असे विचारण्याबरोबरच "आधी काय घेतलंय?" असेही विचारायची रीत पडली, आणि त्या प्रश्नाच्या उत्तराला शिक्षा नसे.

एकदा खुद्द राजाला पडसे झाले. त्याने गोमतीला बोलावून, तिने न विचारताच सांगितले, "सकाळी आल्याचा रस, दुपारी तुळशीचा काढा, आणि आत्यासाहेबांनी पाठवलेले काहीतरी, ते घेतले नाही, ठेवून दिले आहे."

गोमतीने त्याची नाडी पाहिली. "आता काही घेऊ नका. झोपा."

"बस, एवढेच?"

"एवढेच."

राजा पांघरूण ओढून झोपला, आणि तिसऱ्या दिवशी बरा झाला. गोष्ट जशी घडली तशी सांगितली. चिमूटभर जास्त नाही, चिमूटभर कमी नाही.