पोशीआयवर गाणं का नाही

फार वर्षांपूर्वी, आणि नेमकं कधी ते विचारू नका, मी पुष्कळ शोधलं आणि मला सापडलं नाही, आसाण्याच्या डोंगराखाली एक कातकरी वाडी होती. त्या वाडीत पोशी नावाची म्हातारी राहायची. सगळे तिला पोशीआय म्हणत. कुठला कंद गोड, कुठला कडू, कुठला उकडून रात्रभर वाहत्या पाण्यात ठेवल्याशिवाय तोंडात घालायचा नाही, हे ती पोरांना शिकवायची. घरातली नाचणी संपली की वाडी कंदांवरच जगायची. तेव्हा हे शिकणं म्हणजे काही हौस नव्हती.

तिचा सगळ्यांत मोठा धडा अगदी लहान होता. कंद खणला की वेलाकडचा माथा कापायचा, त्याच खड्ड्यात परत ठेवायचा आणि माती लोटायची. त्या माथ्यातून पुढच्या पावसाळ्यात वेल येतो. बस, एवढंच. यात न कळण्यासारखं काय आहे?

पण माथा म्हणजे मूठभर खाणं, आणि भूक लागलेली. पोरं विसरत, किंवा विसरल्यासारखं करत. म्हणून पोशीआयनं त्यांना एक ओळ बांधून दिली: कंद घ्या पोटाला, माथा द्या मातीला.

इथेच सगळा घोटाळा झाला. ओळ फार गोड निघाली. पोरांनी तिला चाल लावली, पुढे कडवी जोडली, कुणीतरी ढोलकी आणली. सगळ्यांत छान गायची ती पोशीआयची नात झिपरी. दुसऱ्या वाड्यांतून माणसं मुद्दाम ऐकायला येऊ लागली. ती गाऊ लागली की रानातले तितरही ओरडायचे थांबत, असं म्हणतात.

एके दिवशी पोरं अशीच गात गात डोंगर उतरली. पोशीआयनं झिपरीच्या टोपलीत हात घातला.

"माथे कुठायत गं?"

"हे काय, टोपलीत."

"आणि गाण्यात काय म्हणतीस?"

"माथा द्या मातीला."

"मग?"

झिपरी गोंधळली. "मग काय, आये? चाल चुकली का?"

पोशीआयनं कपाळावर हात मारून घेतला. वाडीचा कारभारी लखमा अंगणात बसून ऐकत होता. तो म्हणाला, "पोशे, कशाला खेकसतीस पोरांवर? अशी गातात की राजा पागोटं देईल."

"ते पागोटं उकडून खाशील का रं, लखम्या?"

सगळे हसले. पोशीआय हसली नाही. तिनं पुन्हा सांगितलं, दर वर्षी सांगितलं, आणि दर वर्षी गाण्याला एक नवं कडवं मिळालं.

मग एका पावसाळ्यात डोंगरावर वेलच आले नाहीत. म्हणजे आले, पण इतके थोडे की झिपरी दिवसभर फिरून एक कंद घेऊन आली. घरात दुसरं काही नव्हतं. पोशीआयनं त्या कंदाकडे पाहिलं. ती म्हणाली, "आता सांगणं झालं." डोंगर चढून ती एका रिकाम्या खड्ड्यात जाऊन बसली आणि स्वतःवर माती ओढू लागली.

वाडी धावत वर गेली. लखमा हात जोडून म्हणाला, "पोशे, चुकलं. ये बाहेर." आणि तिची समजूत घालायला त्या शहाण्यांनी काय करावं? गाणं म्हणायला घेतलं! सगळ्यांनी, ढोलकीसकट. एक कडवं झालं आणि पोशीआय कमरेपर्यंत मातीत गेली. दुसरं झालं, खांद्यापर्यंत गेली. जसजसं गात गेले तसतशी ती खाली गेली, असं म्हणतात. आणि ती जाते म्हणून ते आणखी मोठ्यानं गात राहिले.

झिपरीचं मात्र तोंड मिटलं. ती धावत घरी गेली, तो एकुलता कंद घेऊन आली आणि सगळ्यांदेखत त्याचा माथा कापला. पोशीआयशेजारी हातानं उकरून तो मातीत ठेवला आणि वरून थापटलं. ढोलकी थांबली. मग लखमा गेला, मग एकेक जण गेला, आणि त्या रात्रीसाठी जो कंद घरात होता त्याचा माथा घेऊन आला.

पोशीआयचं फक्त कपाळ आणि डोळे वर होते. माती हलली आणि तिचा आवाज आला, "असं."

मग डोळेही मातीआड गेले. पुढच्या पावसाळ्यात तिच्या कपाळाच्या जागी पहिला वेल आला आणि दिवस मावळेपर्यंत सगळा डोंगर वेलांनी झाकला, असं म्हणतात.

हे मी किती वर्गांत सांगितलं! मुलं उतरवून घेतात आणि विचारतात, सर, यावर किती गुणांचा प्रश्न येईल? कदाचित दोष माझ्या सांगण्याचाच असेल. मलाही सांगण्यापलीकडे दुसरं काही येत नाही.

त्या वाडीत मात्र पोशीआयवर एकही गाणं नाही. तिथल्या शाळेतल्या एका बाईंनी संमेलनासाठी मागितलं होतं, तर पोरांनी त्यांच्या हातात पहार दिली आणि त्यांना डोंगरावर नेलं. कंद निघाला. पोरांनी बोटानं दाखवलं तसा बाईंनी माथा कापला, खड्ड्यात ठेवला, माती लोटली. मग सगळ्यांत लहान पोरगी वाकली, बाईंच्या हातावर हात ठेवून माती नीट थापटली आणि म्हणाली,

"असं."