शेवटी पिणारा कारभारी

डोंगराआड एक छोटंसं राज्य होतं, तिथली ही गोष्ट. तिथे हैबती नावाचा एक माणूस पुढे मोठा कारभारी झाला. पण आधी तो साधा शिपाई होता आणि खरं सांगायचं तर फार चांगला शिपाई होता.

एकदा शत्रूने गडाला वेढा घातला. गडावरचं टाकं आटत चाललं, तेव्हा शिपायांनी मिळून एक नियम केला. ज्याच्या हातात तांब्या, त्याने शेवटी प्यायचं. पाणी वाटायचं काम हैबतीकडे आलं. तो सगळ्यांना घोट घोट द्यायचा आणि तळाशी काही उरलंच तर स्वतःचे ओठ ओले करायचा. त्याचा सोबती धुळोजी तापाने फणफणला, तेव्हा हैबतीने आपल्या वाटचंही त्याच्या तोंडात ओतलं. धुळोजी "नको रे" म्हणाला, तर हा त्याच्यावरच खेकसला, "गप पी! मेलास तर गोजरावहिनीला काय तोंड दाखवू मी?"

असा होता बरं का हैबती.

शेवटी वेढा उठला. राजा लढाईत कामी आला होता आणि त्याला मूलबाळ नव्हतं. लोक म्हणाले, "आता आपला कारभारी आपणच निवडू. जो शेवटी पितो, त्याच्याच हाती कारभार देऊ." हैबतीला खांद्यावर घेऊन गावभर नाचवलं. गडावरच्या शिपायांना गावच्या तळ्याच्या खालच्या अंगाला जमिनी मिळाल्या आणि तिथे त्यांची वाडी वसली.

दर वर्षी सभा भरायची आणि कारभारी नव्याने निवडला जायचा. गडावरचा तोच पोचे पडलेला तांब्या भरून हातोहात फिरायचा. पहिला घोट पुढच्या रांगेतल्या शिपायांचा, मग सगळ्या गावाचा आणि शेवटचा हैबतीचा. म्हाताऱ्याकोताऱ्या पदराने डोळे पुसायच्या.

पहिली काही वर्षं हैबती खरोखरच तहानलेला बसायचा. मग एका सभेत घसा कोरडा पडून भाषण फसलं, म्हणून पुढच्या सभेला तो घरून पाणी पिऊन गेला. कोणाला काही कळलं नाही. त्याच्या पुढच्या वर्षी सरबत पिऊन गेला. 'त्यात काय एवढं?' तो स्वतःशी म्हणाला. 'लोकांना तांब्या बघायचा असतो. माझा घसा कोण बघायला येतंय?' आणि खरंच कोणी आलं नाही.

मग एका वर्षी पावसाने दगा दिला. तळं तळाला गेलं. तळ्याकाठी मोठ्या बागायतदारांच्या बागा होत्या. सभेचा मांडव त्यांचा, जेवणावळी त्यांच्या आणि हैबतीच्या नावाचा जयजयकार करणारी माणसंही त्यांचीच. ते म्हणाले, "वाडीकडे पाणी सोडणारी तळ्याची मोरी बंद करा, नाहीतर बागा वाळतील." हैबतीने मोरी बंद केली. वाडीकडे जाणारा पाट कोरडा पडला.

धुळोजी कारभाऱ्याच्या घरी आला. पायताण बाहेर काढून, हात जोडून उभा राहिला.

"हैबती, मोरी उघड बाबा. विहिरीत नुसता गाळ राहिलाय. गोजरा तोच फडक्याने गाळून सगळ्यांना देते. अख्ख्या वाडीला हगवण लागलीय."

"अरे, मला का कळत नाही?" हैबती म्हणाला. "पण सभा तोंडावर आलीय. आत्ता बागायतदार बिथरले तर सगळंच हातचं जाईल. एवढी सभा पार पडू दे, मी स्वतः येऊन मोरी उघडतो. तुझी शपथ!"

"आणि तोवर काय प्यायचं?"

हैबतीने नजर चुकवली. "गडावर याहून वाईट दिवस काढले की आपण."

"काढले खरे," धुळोजी म्हणाला. "पण तेव्हा तूही तहानलेला होतास." आणि पायताण घालून तो निघून गेला.

हैबतीला वाईट वाटलं. फार वाईट वाटलं, रात्री जेवणही गेलं नाही. पण मोरी काही त्याने उघडली नाही. नुसतं वाईट वाटून घेणाऱ्यांचं असंच असतं.

सभा भरली. हैबती घरून पोटभर सरबत पिऊन आला होता. भाषण झकास झालं. मग तांब्या भरला आणि रिवाजाप्रमाणे आधी धुळोजीच्या हातात दिला. धुळोजीने तांब्यातलं नितळ पाणी पाहिलं आणि तो तसाच शेजाऱ्याकडे सरकवला.

"धुळोजी, घोट घे ना," हैबती हसून म्हणाला.

"माझी गोजरा काल गेली, कारभारी," धुळोजी सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला. "गाळाचं पाणी पिऊन गेली. शेवटी असलंच एक घोट पाणी मागत होती. मला कसं उतरेल हे?"

शेजाऱ्यानेही घोट घेतला नाही. त्याच्या शेजाऱ्यानेही नाही. ऊन डोक्यावर आलेलं, सगळ्यांचे घसे सुकलेले. पण तांब्या रांगेरांगेने फिरला आणि जसाच्या तसा काठोकाठ भरलेला हैबतीपुढे आला.

"प्या, कारभारी," धुळोजी म्हणाला. "आज पहिले तुम्हीच."

हैबतीने तांब्या तोंडाला लावला. पण आत जागाच नव्हती. एक घोट घशाशी अडकला, ठसका लागला आणि सरबत सगळ्यांसमोर अंगरख्यावर आलं. तेव्हा लोकांना कळलं.

हैबती तसाच उठला आणि तळ्याकडे धावला. कोणाला न विचारता त्याने स्वतःच्या हाताने मोरी उघडली. पाणी खळाळत पाटातून वाडीत शिरलं. पण वाडीतल्या बायामाणसांनी सकाळीच बोचकी बांधून वाट धरली होती आणि त्यांना गाठायला शिपाई सभेतूनच परस्पर निघाले होते. पाणी रिकाम्या घरांपुढून वाहत गेलं. ते प्यायला तिथे एक कुत्रंसुद्धा उरलं नव्हतं.

आणि हैबतीची खुर्ची गेली का? छे! बागायतदारांनी ती सांभाळली. तो मरेपर्यंत कारभारी राहिला. दर वर्षी सभा भरायची, तांब्या फिरायचा आणि जसाच्या तसा भरून त्याच्यापुढे यायचा. त्याच्या हातचं पाणी पुन्हा कोणी प्यायलं नाही.

तात्पर्य, मुलांनो, आणि मोठ्यांनो तुम्हीसुद्धा ऐका: एकदा सोसलेली तहान जन्मभर मिरवता येत नाही; ज्याला लोकांचं पाणी वाटायचं आहे, त्याने रोज त्यांच्याबरोबर तहानलेलं राहावं.