खांबातली ढोली

वस्तू अजून मोकळेपणी बोलायच्या, त्या काळची ही गोष्ट. सुभानजी खोतांचं जुनं घर पाहायला गावोगावचे लोक यायचे. एकदा एक चिमणी माजघरातल्या खांबाच्या ढोलीत काडी घेऊन शिरू लागली, तशी छताला टांगलेली काचेची हंडी किणकिणली, "ए, चालती हो! मूळ मालकांनी सोनं ठेवायला केलेली जागा आहे ती!"

"कोणी सांगितलं तुला?" खांबाने विचारलं. आजवर तो कधीच बोलला नव्हता.

"मी रानातलं ऐनाचं झाड होतो. घरासाठी मला तोडायला सुभानजी आले, तेव्हा माझ्या ढोलीत धनेशाची मादी अंड्यांवर बसली होती. आतून दार लिंपून घेतलेलं, फक्त चोचीपुरती फट. त्या फटीतून नर तिला फळं भरवत होता. सुभानजी बघतच राहिले.

सुतार म्हणाला, 'खोत, आता थांबलात तर पावसाआधी घर उभं राहायचं नाय.'

'नाय तर नाय,' ते म्हणाले. 'मालक आत असताना घर कसं पाडायचं?'

पिल्लं उडाली, तेव्हा आभाळ भरून आलं होतं. तो अख्खा पावसाळा खोतांची बायकापोरं गळक्या खोपटात राहिली. दिवाळीनंतर मला तोडलं. पण ही ढोली त्यांनी बुजवू दिली नाही."

चिमणीने काडी हळूच खाली ठेवली.

"मग मी कोणाला विचारून आत येऊ?"

"ये," खांब म्हणाला. "परवानगी देऊनच गेलेत. दोन्ही मालक."