गर्दीत मंदावणारा खेळ

एकदा एक वृद्ध गुरुजी तालुक्याच्या गावी राहत होते. उभा जन्म त्यांनी शाळेत विज्ञान शिकवले होते. निवृत्तीनंतर त्यांच्या ओसरीवर गावातले आईबाप येऊन बसत आणि आपल्या मुलांच्या तक्रारी सांगत. गुरुजी शांतपणे ऐकून घेत, मग मुलाला चार शब्द सुनावत. मूल मान खाली घाली आणि उठून जाई. एवढ्यावर लोक गुरुजींना ज्ञानी म्हणत. मुलांना मान खाली घालायला लावणाऱ्याला ज्ञानी म्हणण्याची आपल्याकडे रीतच आहे.

या गुरुजींकडे एक शिष्य रोज सकाळी येई. वय एकोणीस. डॉक्टरकीच्या प्रवेशपरीक्षेला तो दोनदा बसला होता आणि दोनदा मागे पडला होता. तिसऱ्या खेपेला वडिलांनी त्याला पुन्हा मोठ्या शहरातल्या क्लासला घातले, तेव्हा तो अर्ध्यातून निघून घरी आला. घरचे म्हणत, पळून आला. तो म्हणे, परत आलो. गुरुजींच्या ओसरीवर तो प्रकाशाविषयी, विजेविषयी वाचत बसे. गुरुजी मार्क विचारत नसत, हे त्याचे एकमेव कारण.

त्याच्या खिशात तळहाताएवढे एक खेळयंत्र असे. भंगारातून ते बंद पडलेले मिळाले होते. शिष्याने त्याची बॅटरी बदलली, पडदा बदलला, आतले सगळे सॉफ्टवेअर पुसून नवे घातले आणि त्यावर पूर्वी टीव्हीला जोडून खेळायचे ते जुने गेम चढवले. टीव्हीला जोडायचे ते जुने यंत्र पडद्यावर फार गर्दी झाली की अडखळत असे, आणि त्याची नक्कल करणारी नवी यंत्रेही तशीच अडखळतात. हा दोष समजून अशी यंत्रे सुधारणारे सगळेच तो पहिल्या दिवशी काढून टाकतात. शिष्यानेही काढला होता. त्याचा खेळ कधी अडखळत नसे.

त्यात विमानाचा एक गेम होता. विमान वाळवंट ओलांडते, समुद्र ओलांडते आणि शेवटी एका किल्ल्यापाशी येते. त्या किल्ल्यातून गांधीलमाश्यांचे थवे सुटतात. शिष्य दर वेळी तिथे पडे. आणि नेमका हाच गेम त्याच्या वडिलांनी शाळेत असताना पुरा केला होता. सारी आळी बघायला जमली होती म्हणे. ही कथा वडील घरात वारंवार सांगत, आणि मुलाच्या निकालाच्या दिवशी तर हमखास.

एका सकाळी वडील स्वतः ओसरीवर आले. गावात त्यांची लाकडाची वखार होती. कधीकाळी तेही गुरुजींचेच विद्यार्थी होते. त्यांनी वाकून नमस्कार केला आणि मुलाकडे न बघता बोलायला सुरुवात केली.

"गुरुजी, याला समजावा. परवा याला परत क्लासला सोडायचंय. होस्टेलची खोलीसुद्धा ठरवून आलोय."

"त्याला विचारलंस?"

"त्याला काय विचारायचं? विचारून विचारूनच इथवर आलंय हे. याच्या बरोबरीची पोरं बघा कुठल्या कुठे गेली. आणि आमचे चिरंजीव खेळणं खिशात घालून फिरतात."

शिष्य खालच्या आवाजात म्हणाला, "बाबा, मी जाणार नाही. या वेळी गेलो, तर मला परत यायला जमणार नाही."

वडिलांना ती धमकी वाटली. गुरुजींनी मात्र चष्मा काढला आणि मुलाकडे नीट पाहिले.

"ऐकलंत? ही भाषा!" वडील म्हणाले. "आधी ते यंत्र जप्त करा. आमच्या किती वस्तू जप्त केल्यात तुम्ही. बिघडलो का आम्ही?"

गुरुजींनी हात पुढे केला. शिष्याने क्षणभर त्यांच्याकडे पाहिले आणि यंत्र दिले. हेही शेवटी त्यांच्यातलेच, असा त्या पाहण्याचा अर्थ होता. पण गुरुजींनी ते यंत्र कपाटात ठेवले नाही. त्यांनी ते वडिलांच्या हातात दिले.

"तो विमानाचा गेम तू पुरा केला होतास ना? करून दाखव."

"आत्ता? गुरुजी, काहीतरीच काय!"

"आत्ता. मग क्लासचं बोलू."

वडील हसले, जरा लाजले, पण त्यांनी बाह्या मागे सारल्या. वाळवंट त्यांनी सहज पार केले. "हात विसरत नाही बघा," ते म्हणाले. समुद्रही गेला. मग किल्ला आला, पहिला थवा सुटला आणि डोळ्यांचे पाते लवायच्या आत विमान फुटले.

"बटणं फार बारीक आहेत याची."

पुन्हा खेळले. पुन्हा फुटले. मग त्यांनी चष्मा पुसला, मांडी बदलली, उजेडाकडे पाठ केली. विमान फुटतच राहिले. शिष्याला आधी गंमत वाटत होती, नंतर वाटेनाशी झाली. वडिलांच्या कपाळावर घाम आला होता.

"हे यंत्रच डुप्लिकेट आहे," ते चिडून म्हणाले. "त्या वेळी असं नव्हतं."

"बरोबर. असं नव्हतं," गुरुजी म्हणाले आणि शिष्याकडे वळले. "तू केलेला तो बदल काढ. टीव्हीवर चालायचा तसा चालू दे."

"तसा म्हणजे अडखळत? अहो, तो दोष आहे गुरुजी. मी दुरुस्त केलाय तो."

"तो दोष परत घाल."

शिष्याने सेटिंग बदलले. वडील पुन्हा खेळू लागले. किल्ला आला, थवा सुटला, पडदा माश्यांनी भरला, आणि सगळे चित्र एकाएकी जड झाले. माश्या जणू काकवीतून पोहू लागल्या. गोळ्या रेंगाळू लागल्या. विमानही सावकाश सरकू लागले, पण माशी येताना दिसत होती आणि बाजूला व्हायला अवधी मिळत होता. वडील एकेक माशी चुकवत गेले. थवा विरळ झाला की खेळ पूर्ववत धावे, दाटला की पुन्हा मंदावे. अखेर किल्ला कोसळला.

"बघितलंस?" वडील जवळजवळ ओरडले. त्यांचा चेहरा शाळकरी मुलासारखा झाला होता. "याला म्हणतात जिद्द! गर्दी बघून पळायचं नसतं. आता तरी पटलं? चल, परवा निघायचं."

शिष्याच्या चेहऱ्याचा रंग उतरला होता. गुरुजींनी वडिलांच्या हातून यंत्र घेतले आणि तसेच त्याच्या हातात दिले. "आता तू. वेग बदलू नकोस."

शिष्याने खेळायला घेतले. किल्ल्यापाशी त्याची बोटे सवयीने आधीच वळू लागली, आणि माश्या अजून वाटेतच होत्या. त्याला थांबावे लागले. जिथे तो दर वेळी पडत आला होता, तिथे आता त्याला वाट बघण्याइतका वेळ होता. पहिल्याच खेपेत किल्ला पडला. त्याने यंत्र मांडीवर ठेवले आणि तो नुसता बसून राहिला. आनंद झाल्यासारखा तो दिसत नव्हता.

"हे काय आहे, गुरुजी?" वडिलांनी विचारले. त्यांचा आवाज आता खाली आला होता.

गुरुजी म्हणाले, "तुझी या गेमची कॅसेट मी जप्त केली होती. मे महिनाभर ती माझ्याकडे होती आणि भाच्याच्या यंत्रावर मी ती खेळत होतो. तुम्हाला शिस्त शिकवत होतो ना, म्हणून कुणाला सांगितलं नाही. तेव्हाच पाहिलं होतं मी. त्या यंत्रातल्या चिपला एवढ्या माश्यांचा भार झेपत नव्हता. गर्दी झाली की ती दमायची, आणि ती दमली की आपल्याला सवड मिळायची. आपल्याला वाटायचं, आपला हात चालतोय. तू दहावीला गणितात राहिलास. वर्षभर वखारीत लाकडं रचत बसलास. कुणी टोचून बोललं तुला? पुन्हा बसलास, निघालास. मला पहिल्याच अर्जावर मास्तरकी मिळाली, कारण गावात दुसरा अर्जच नव्हता. संकटं आपल्यावरही आली, नाही असं नाही. पण ती आली की सगळंच सावकाश व्हायचं. याच्यावर येतात तेव्हा काहीही सावकाश होत नाही. यंत्राच्या थकव्याला आपण आपलं कसब म्हणत आलो, आणि याच्या पडण्याला याचा आळस."

इथे कथा थांबली असती, तर गुरुजींचा मोठेपणा अबाधित राहिला असता, आणि वाचणाऱ्या वडीलधाऱ्यांनाही बरे वाटले असते, की शेवटी शहाणपण आमच्यातल्याच कुणाकडे होते. पण शिष्याने मान वर केली.

"गुरुजी, हे तुम्हाला तेव्हापासून माहीत होतं?"

"होतं."

"मग गेल्या वर्षी ती सोनारांची मुलगी इथे बसली होती, तिला का परत क्लासला पाठवलंत? ती रडत होती. तुम्ही म्हणालात, धीर धर, आम्ही नाही का निभावलं. मी तिथे दारात उभा होतो."

गुरुजी चष्मा पुसू लागले.

"कुठे आहे ती आता?"

"मला माहीत नाही," गुरुजी म्हणाले. "मी नंतर विचारलंच नाही."

"का?"

वृद्ध माणसाने खरे ते सांगितले. "कारण तिचे वडील माझ्या पाया पडून, समाधानाने गेले होते. मला तेवढं पुरलं."

गुरुजींच्या ज्ञानाचा हा भाग गावात कुणी सांगत नाही. ज्याला ठाऊक नव्हते त्याने चुकीचा सल्ला दिला, तर ते एक वेळ समजू शकते. ज्याला ठाऊक होते आणि तरीही जो मुलांना माना खाली घालायला लावत राहिला, त्याला काय म्हणायचे ते तुम्हीच ठरवा. शिष्याने त्यांना काही म्हटले नाही. गुरुजींनी पायात चपला घातल्या, कोपऱ्यातली काठी घेतली आणि, "सोनारांकडे जाऊन येतो," एवढे बोलून ते पायऱ्या उतरले.

ओसरीवर बापलेक उरले. जरा वेळाने वडिलांनी यंत्राकडे बोट केले.

"तुझ्या वेगावर लाव."

"पुन्हा खेळताय?"

"तू खेळ. मी बघतो."

मुलाने वेग बदलला. वडील सरकून त्याच्या खांद्याला खांदा लावून बसले. मुलगा खेळताना त्यांनी आजवर हजारदा पाहिला होता, पण काय खेळतो ते कधी पाहिले नव्हते. किल्ला आला. पहिला थवा सुटला, तो तर त्यांना नीट दिसलासुद्धा नाही. मुलगा त्यातून पार गेला. दुसरा सुटला, त्यातूनही गेला. तिसऱ्यात विमान फुटले.

"तू इतका आत जातोस?"

"रोज जातो. पण गेम पुरा होत नाही ना. मग कोण बघणार, किती आत गेलो ते?"

वडिलांनी हळूच विचारले, "क्लासमध्येही असंच होतं का रे?"

मुलाने होकारार्थी मान हलवली.

"आणि मघाशी तू म्हणालास, की परत यायला जमणार नाही. म्हणजे काय?"

यंत्राच्या कडेवरून मुलाचा अंगठा फिरत राहिला. त्या गप्प बसण्यात वडिलांना मघाच्या वाक्याचा अर्थ पहिल्यांदा ऐकू आला, आणि वखारीत ओंडके उचलणाऱ्या त्या माणसाने मुलाचे मनगट धरले. घट्ट धरले.

"जायचं नाही कुठे," तो म्हणाला. "क्लास गेला खड्ड्यात. होस्टेलवाल्यांना मी कळवतो."

"मग मी काय करू, असं विचारणार ना आता?"

"हो. काय करणार?"

"माहीत नाही, बाबा."

आयुष्यभर वडिलांकडे या वाक्याला उत्तर तयार असे. आमच्या वेळी, अशी त्याची सुरुवात होत असे. ते या वेळीही ओठांपर्यंत आले असावे. मुलाने सवयीने खांदे आवळून घेतले.

"बरं," वडील म्हणाले. "मग काही दिवस माहीत नसू दे."

खांदे सैल व्हायला थोडा वेळ लागला. मनगट वडिलांनी सोडले नव्हते.

तुमच्या घरात कुणी पडत असेल, तर आपल्या विजयाची गोष्ट त्याला ऐकवण्याआधी, तो कोणत्या वेगावर खेळतोय ते एकदा शेजारी बसून बघा.