भिवा तेल्याच्या घाण्याचे दोन मालक

शके १७०४, शुभकृत् नाम संवत्सर, फाल्गुन महिना. करडईची नवी रास घरोघर आली होती, आणि ऐन हंगामात सोनवडीतला सर्वांत चांगला घाणा बंद होता.

घाणा मोडला नव्हता. त्याला मालक जास्त झाले होते.

भिवा तेली माघात वारला. मेल्यावर कळले, त्याने एकच घाणा दोघा सावकारांकडे गहाण टाकला होता. शंभर रुपये धोंडशेटचे, शंभर विसाजीपंतांचे. कागद नाही. बेलभंडार उचलून, शपथेवर तोंडी व्यवहार. केव्हा केला, ते घरात बोलला नाही. खोकला लपवता आला नाही, कर्ज मात्र लपवले.

मागे राहिली येसू, एकुलती लेक. तिला घाणा हाकता येत होता. दुसरे पोटाचे साधन नव्हते.

तेरावा उरकला आणि धोंडशेटने घाण्याच्या खोपटाला कुलूप ठोकले. दुपारी विसाजीपंतांनी त्याच कडीत आपले कुलूप अडकवले. बैल बाहेर, वैरण आत. येसू तडक राजांकडे गेली; मागोमाग दोघे सावकारही पोहोचले.

सोनवडीचे राजे हट्टी. बोलले ते बोलले, मग चूक का असेना.

"ज्याचं गहाण आधीचं, घाणा त्याचा," राजे म्हणाले. "आधीचं कोणाचं, ते पोरी, तू सिद्ध कर. आत्ता, इथंच! नाही जमलं तर घाणा सरकारजमा!"

मेलेल्या बापाला विचारून यायचे की काय! पण राजांना हे सांगणार कोण?

येसूने पदर खोचला. "सरकार, मी या दोघांना विचारू?"

"विचार."

"धोंडशेट, बाबांनी घाणा तुमच्याकडं कधी टाकला?"

"पाच वर्षं झाली."

"मग मी पहिला!" विसाजीपंत ओरडले. "माझी सात!"

धोंडशेटने डोळे मिटले, उघडले. "चुकलो. नऊ. धाकट्याचं बारसं त्याच साली."

"माझी बारा! देवळाचा कळस पडला त्या साली."

"कळस पडला त्या साली? मग माझीही बाराच. कळसाच्याच दिवशी सकाळी!"

"माझी पहाटे!"

"थांबा," राजे म्हणाले. "आणखी मागं गेलात तर भिवाचा जन्म व्हायचा राहील."

येसूने राजांसमोरचे बेलभंडाराचे तबक पुढे केले. "उचला. बारा वर्षं घाणा तुमचा?"

दोघांनी उचलला. गहाण पडलेली वस्तू कर्ज फिटेपर्यंत सावकाराची, ही सोनवडीची रीत.

"माझाच!" धोंडशेट म्हणाला. "तुझा बाप माझ्या घाण्यावर नुसता राबला. भाडं मागितलं नाही, हे उपकार समज."

"माझेही उपकार समज!" पंत म्हणाले. उपकारातही त्यांना मागे राहायचे नव्हते.

येसू राजांकडे वळली. "सरकार, वाड्याच्या मशालींना तेल कोण घालतो?"

"घाण्याचा मालक. रोज एक शेर. आमच्या आजोबांनी घातलेली रीत आहे."

"बाबा कधी चुकले?"

कोपऱ्यातून मशालजी बोलला, "अंगात ताप असला तरी भिवा यायचा, सरकार."

"मग झालं!" येसू म्हणाली. "आम्ही राबणारे, हे शेटजीच म्हणाले. तेल मालकानं घालायचं होतं, बारा वर्षं घातलं आम्ही. जो पहिला मालक, त्यानं त्या तेलाचे पैसे टाकावेत. बाबांचं कर्ज खरं आहे, ते त्यातून कापून घ्यावं. पंत, पहाट तुमची ना?"

कारकुनाने बोटे मोजून हिशेब केला. तेलाचे पैसे दोन्ही कर्जांच्या दुपटीवर गेले.

पंतांचे तोंड पेंडीसारखे सुकले. "सरकार, आता नीट आठवलं. पहाट नव्हे, दुपार होती. सकाळ धोंडशेटची. घाणा त्यांचाच!"

"माझा? छे छे! मी तिन्हीसांजेला गेलो होतो. आणि पंत वडीलधारे. पहिला मान त्यांचा!"

"मान तुम्हीच घ्या!"

"अहो, घ्या हो!"

राजांनी हसू दाबून धरले होते. म्हणाले, "दोघांनी बेल उचलला, दोघांनी बारा वर्षं सांगितली. तेल निम्मंनिम्मं! पण पोरी, आधीचा मालक कोण, ते तू सिद्ध केलंच नाहीस. घाणा कोणाला द्यायचा?"

"सरकार, आता तो हवाय कोणाला, एवढंच विचारा."

राजांनी विचारले. धोंडशेट छताकडे पाहू लागला. पंत जोडा शोधू लागले.

मग मात्र राजे पगडी कलंडेपर्यंत हसले! "घाणा येसूचा! आणि ती हाकील तोवर त्याला मशालीचं तेल माफ!"

कुलपे दोघांनी आपल्या हातांनी काढली. मग तेलाच्या पैशांतून आपापले शंभर कापून घेतले आणि उरलेले येसूच्या पदरात मोजून टाकले.

भिवा तेल्याचे कर्ज फिटले.